तीनशे ताटांचं भरीत

असोदा फाट्यावर मागच्या थंडीत भरीत केंद्रांच्या पाच पाट्या लागल्या होत्या. या थंडीत दोन उरल्या, आणि त्यातली एक बन्सीलाल आबांच्या घरची. बाकी तिघांपैकी एकाने त्याच जागी मोबाईलचं दुकान टाकलं, एक सुरतला गेला, आणि तिसऱ्याचं काय झालं हे गावात कुणी विचारत नाही, कारण तो भेटला की स्वतःच तासभर सांगत बसतो. भरीत वाईट कुणाचंच नव्हतं. असोद्यात वाईट भरीत करणारा माणूस अजून जन्माला यायचाय. पण चव चांगली म्हणून धंदा चालतो, असं फक्त खाणाऱ्याला वाटतं.

आबांची सून ज्योत्स्ना पाटावर बसून वांगी सोलत होती. आगीतून काढलेलं वांगं लगेच सोलावं लागतं. गार होऊ दिलं की साल गराला धरून बसते आणि काळे तुकडे भरतात उतरतात. म्हणून ती बोटं पाण्यात बुडवायची, साल ओढायची, परत बुडवायची. दोन हिवाळे हेच चाललं होतं. आधी फोड यायचे, मग फोड यायचेही बंद झाले. आता बोटांची टोकं गुळगुळीत, चकचकीत झाली होती आणि पदराला लागली की पदर नुसता घसरायचा.

"किती किलो लावली आज?" तिच्या नवऱ्याने, हितेंद्रने आत येत विचारलं.

"बारा."

"आठच लावाची ना. काल चार ताटं उरले."

"आबा म्हने, रविवार हाये."

रविवार असला तरी रस्ता तोच होता. नवा बायपास सुरू झाल्यापासून भुसावळकडच्या गाड्या बाहेरच्या बाहेर जात होत्या, आणि फाट्यावर यायचे ते गावचेच लोक. गावचे लोक भरीत विकत घेऊन कशाला खातील? ते यायचे, बाकड्यावर बसायचे, आबांशी बोलायचे, आणि आबा त्यांच्यापुढे "चव तं पाहा" म्हणून वाटी ठेवायचे. त्यात दिवाळीतल्या अवकाळीने वांग्याची फुलं गळाली होती, आणि घरच्या वावरातला माल अर्ध्यावर आला होता.

चटईच्या कारखान्यातली हितेंद्रची नोकरी गेली त्याला दीड वर्ष झालं होतं. त्याच्याही आधी चार वर्षं तो चाकणला होता, सहा जणांत एक खोली. दिवाळीला यायचा, अक्षय्य तृतीयेला म्हणजे आखाजीला यायचा. एकदा आला तेव्हा पाणी प्यायला उठला आणि स्वयंपाकघरात उभा राहून विचारू लागला, ग्लास कोठी ठेवतात आता? ज्योत्स्नाला ते इतकं लागलं होतं, की तो परत गेल्यावर तिने मांडणीवरची भांडी पुन्हा जुन्या जागी लावली. पाटी लावली, बाकडी आणली, आबांना हाताशी धरलं ते सगळं एवढ्याचसाठी, की या माणसाला पुन्हा आपल्याच घरात पाहुणा होऊ द्यायचं नाही.

आणि आता चाकणहून पुन्हा फोन येत होते. "संक्रांतपर्यंत पाहतो," हितेंद्र म्हणाला होता. "चाललं तं चाललं. नही तं मी जातो."

---

त्या रविवारी दुपारी एक पांढरी गाडी फाट्यावर थांबली. जळगावच्या एका स्वयंरोजगार प्रशिक्षण केंद्राच्या वृषाली मॅडम आणि त्यांच्यासोबत ऑफिसातली तीन माणसं. चौघांनी भरीत खाल्लं, पुऱ्या दोनदा मागवल्या. आबांनी आग्रह करकरून त्यांना ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरीही चाखायला लावली. हात धुताना मॅडम म्हणाल्या, "जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात आमचा नवउद्योजकांचा मेळावा आहे. तीनशे माणसं. जेवण तुम्ही द्याल?"

हितेंद्र आबांकडे पाहायला लागला. आबा म्हणाले, "तीनशे काय, लग्नात मी हजाराचं घोटलं हाये."

"आणि दुसरं," मॅडम म्हणाल्या, "आमच्या प्रशिक्षणार्थींच्या मेसचं काम एप्रिलपासून नव्याने द्यायचं आहे. नव्वद मुलं-मुली, दोन वेळचं जेवण, वर्षभर. मेळाव्याचं नीट झालं तर मी तुमचं नाव पुढे करीन. फक्त धंद्याची नोंदणी ताईंच्या नावाने करून घ्या."

गाडी गेली. वर्षभर, हा शब्द त्या घरात पहिल्यांदाच आला होता. भरताचा धंदा म्हणजे थंडीचे तीन महिने. बाकीचे नऊ महिने काय, या प्रश्नाचं उत्तर फाट्यावरच्या कुणाकडेच नव्हतं.

नोंदणीसाठी दुसऱ्या दिवशी दोघं जळगावला सेतू केंद्रात गेली. तिथल्या पोराने यंत्र पुढे सरकवलं, ज्योत्स्नाने अंगठा ठेवला. लाल दिवा. दुसरा अंगठा, लाल दिवा.

"ताई, हात धुऊन या."

ती धुऊन आली. परत लाल. तिसऱ्यांदा साबण लावून आली. पोराने तिची दहाही बोटं एकेक करून दाबली, कापडाने पुसली, पुन्हा दाबली. "ठसेच नाहीयेत तुमच्या बोटांना."

मागे रांग लागली होती. कुणीतरी म्हणालं, "चोऱ्या कराले बरं हाये मंग." रांग हसली. ज्योत्स्ना हसली नाही आणि रागावलीही नाही. तिने हात पदराखाली घेतले. शेवटी फोनवर आकडा मागवून काम झालं. बाहेर रिक्षाची वाट बघताना हितेंद्रने तिचा हात धरून उन्हात उलटा-सुलटा केला आणि सोडून दिला. त्या दिवसापासून संध्याकाळची वांगी तो सोलू लागला. त्याला नीट जमत नव्हतं, तरी सोलायचा.

---

वांगी मिळाली. आबांचा हिशोब साधा होता, तीन माणसांमागे एक किलो. घरची साठ किलो निघाली, बाकीची भादलीकडून आणली. अडलं ते काड्यांवर.

खानदेशात भरताचं वांगं कपाशीच्या काड्यांवर भाजतात. धुरकट, भुरभुर जळणारी आग, तिच्यात वांगं आतून लोण्यासारखं होतं. आजवर कपाशी उपटून झाली की बांधाबांधाला काड्यांचे ढीग पडलेले असायचे. ज्याला लागेल त्याने न्यावेत, कुणी विचारत नव्हतं. यंदा आबा आणि लोटन दोन दिवस बैलगाडी घेऊन शिवार फिरले. लोटन साक्रीकडचा, केळी कापायच्या टोळीतून आला होता आणि आबांच्या वावरातच राहिला होता.

"आबा, आठे काहीच नही शे," तो म्हणाला. "बठ्ठ्या काड्यासवर ट्रॅक्टर फिराई दिधा. आमनाकडे धुयाकडे बी असंच चालू शे. तुम्ही गॅसवर भाजा ना."

"लोटन, गॅसवर वांगं शिजते, भाजत नही. शिजलं तं त्याले भाजी म्हना."

"खानाराले काय समजस, आबा?"

"मले समजते ना."

शेवटी योगराज पाटलाच्या वावरात ढीग दिसला. योगराज आबांच्या शाळेतला सोबती. तो नव्हता, पोरगा होता. आबांनी गाडी उभी केली आणि सवयीने काड्या उचलायला वाकले. पोरगा म्हणाला, "आबा, त्या विकेल हायेत. कांडी कोळशावाल्याची ट्रॉली येनार हाये उद्या."

आबा वाकलेले तसेच राहिले. याच पोराच्या हळदीला त्यांनी रात्रभर बसून भरीत घोटलं होतं, आणि सकाळी त्याच्या आईने हात जोडले तर "माय, घरचं काम हाये" म्हणून उठून आले होते.

"विकेल हायेत का?" आबा सरळ होत म्हणाले. "मंग माहे बी त्याच भावानं लाव."

पोराने आढेवेढे न घेता पैसे घेतले. लोटनने काड्या भरल्या. परतताना आबा गाडीच्या मागच्या अंगाला पाय सोडून बसले, नेहमीसारखे पुढे बसले नाहीत. घरी आल्यावर त्यांनी फक्त एवढंच सांगितलं, की काड्या भेटल्या. बाकीचं ज्योत्स्नाला लोटनने सांगितलं.

---

मेळाव्याच्या दिवशी पहाटे पाचला अंगणात आग पेटली. थंडी अशी, की पाठ गारठलेली आणि तोंड भाजतंय. गल्लीतल्या बाया कुणी न बोलावता आल्या. भरीत आहे म्हटल्यावर बोलवायचं काय त्यात? शेवंताबाई, नात्याने चुलत सासू, चष्मा नाकावर घेऊन सोलायला बसल्या. कुणी लसूण, कुणी मिरच्या, कुणी कांद्याची पात. आबांनी बडगी धुऊन ठेवली होती. सागाच्या खोडातून कोरलेली ती मोठी काथवट, तिच्यात सोललेली वांगी टाकायची आणि लाकडी मुसळाने घोटायची. चौसष्टाव्या वर्षी आबांच्या खांद्यातून प्रत्येक घावाला कटकट आवाज यायचा. हितेंद्र म्हणाला, "आबा, मशीन आनू का?" आबांनी त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

आठ वाजता पहिला घाणा फोडणीतून उतरला. शेंगदाणे, खोबऱ्याचे काप, वरून पात. अंगणभर वास सुटला. हितेंद्र टेम्पो आणायला गेला होता. आबांनी बोटावर भरीत घेऊन चाखलं, मान हलवली, आणि म्हणाले, "ज्योत्स्ना, डबे काढ."

"कोनते डबे?"

"वानोळ्याचे. बाया पहाटपासून राबू राह्यल्या. त्यायच्या घरी पोरं-मानसं नही का? घरात भरीत झालं अन् गल्लीत वानोळा गेला नही, असं आपल्याकडे कधी झालं?"

ज्योत्स्ना उभी राहिली. तिला म्हणायचं होतं, की हे भरीत आपलं नाही, मोजून द्यायचं आहे. पण शेवंताबाई समोर बसल्या होत्या, हात काळे झालेले, डोळे धुराने लाल. त्यांच्यासमोर ते कसं म्हणणार? दुसऱ्या कोणत्या बाईने तरी म्हटलं असतं?

"आबा, कमी पडीन," ती हळू म्हणाली.

"पडत नही. चार-दोन वांगी जास्तीची लावली म्या. देल्यानं कोठी कमी पडते?"

पंधरा डबे भरले. शेवंताबाईंची नात ते घरोघर देऊन आली. आबा विहिरीवर आंघोळीला गेले.

एवढ्यात पहूरहून योगेंद्र आला, ज्योत्स्नाचा भाऊ. जळगावला केळीच्या रोपांसाठी निघाला होता, वाकडी वाट करून आला. गाडीला पाच लिटरची दुधाची किटली लटकवलेली. "आईनं चीक पाठवला," तो म्हणाला. "कपिला व्याली. नातीले, भूमिकाले खरवस करजो म्हने. अन् तुह्या धंद्याचं बठ्ठं चांगलं होवो म्हने."

ज्योत्स्नाने चीक पातेल्यात ओतून घेतला. किटली धुतली. योगेंद्र दारात उभा होता, चहाही नको म्हणत होता, रोपांची गाडी निघून जाईल म्हणत होता. माहेरची किटली रिकामी परत पाठवायची नसते. घरात साखर होती, शेंगदाणे होते. चार मुठी शेंगदाणे टाकून चाललं असतं. पण अंगणात भरताची पातेली वाफाळत होती आणि आईच्या हातची किटली तिच्या हातात होती. दोन वर्षांत ती माहेरी काही पाठवू शकली नव्हती. वहिनी दरवेळी म्हणायची, नणंदबाईंचं हॉटेल आहे म्हणतात, आम्हाला काही चव कळली नाही बाई.

तिने अर्धी किटली भरली. भरून पाहिलं, तर अर्धी किटली फार अर्धी दिसत होती. आबांनी पंधरा घरांना दिलं, माझं एकच घर. असं मनाशी म्हणत तिने ती गळ्यापर्यंत भरली आणि झाकण दाबून बसवलं.

योगेंद्र गेला. बाकीच्या बाया घरी गेल्या होत्या, अंगणात फक्त शेवंताबाई होत्या, आणि त्यांना चष्म्यातूनही वांग्यापलीकडचं दिसत नव्हतं.

---

केंद्राच्या सभागृहात खुर्च्या भरल्या होत्या. पुण्याहून आलेला वक्ता पडद्यावर चित्रं दाखवत होता. मागच्या पडवीत टेबलं लावताना ज्योत्स्नाला त्याचं बोलणं ऐकू येत होतं. छोटे धंदे का बुडतात ते तो सांगत होता. भांडवल कमी, जागा चुकीची, हंगामाचा भरवसा. मग म्हणाला, "आणि सगळ्यात मोठं कारण, मित्रांनो, घर आणि दुकान यात भिंत नसणं." लोकांनी टाळ्या वाजवल्या. ज्योत्स्ना पळीने भरीत सारखं करत होती. कुणाला ठाऊक त्याच्या घरात भिंती होत्या की नाही.

एक वाजता रांग सुटली. लोक भरतावर तुटून पडले. ताट भरून परत येत होते, आणि हितेंद्रचा चेहरा कितीतरी दिवसांनी उजळला होता. दोनशे ताटं गेली. ज्योत्स्नाने तिसरं पातेलं उघडलं, मग चौथं. चौथ्याच्या तळाला पळी लागली तेव्हा रांगेत अजून साठेक माणसं उभी होती.

तिने वाढायचं प्रमाण कमी केलं, पळीभराऐवजी अर्धी पळी. मग चमचा. मग तेही संपलं. रांगेतला एक जाडसर गृहस्थ रिकामं ताट घेऊन उभा राहिला आणि मोठ्याने म्हणाला, "धंदा शिकवायला बोलावलं, आणि जेवण पुरत नाही?" आजूबाजूचे हसले. रांगेच्या शेवटी वृषाली मॅडमचे वरचे साहेब होते. त्यांनी ताट तसंच टेबलावर ठेवलं.

हितेंद्र गाडी घेऊन सुटला आणि जवळच्या हॉटेलातून साठ माणसांची पावभाजी घेऊन आला. तोवर निम्मे लोक निघून गेले होते. वृषाली मॅडम रागावल्या नाहीत, हे सगळ्यात वाईट. "असू द्या, होतं असं," त्या म्हणाल्या, आणि मेसबद्दल एक शब्दही काढला नाही. ज्योत्स्ना पातेली विसळत होती. पाणी थंड होतं आणि तिला बोटांना काहीच जाणवत नव्हतं.

घरी आल्या आल्या हितेंद्रने अंगणात गल्लीतल्या पोरांना रिकामे डबे आणून देताना पाहिलं. एकेक डबा ओट्यावर येत होता. कुणाच्या डब्यात गूळ, कुणाच्यात चार लाडू. त्याला समजायला वेळ लागला नाही.

"वानोळा वाटला?" तो म्हणाला. "आजच्या भरताचा वानोळा वाटला तुमी?"

आबा ओट्यावर बसले होते. "हो," ते म्हणाले.

"माह्या आयुष्याचा वानोळा वाटला, आबा! तीनशे लोकायसमोर मान खाली घालावी लागली. मी दीड वर्ष राबलो ना, ही राबली. बोटाचे ठसे गेले हिचे! अन् तुमी..." त्याला पुढे बोलता येईना. "धंदा तुमी बुडवला. गाडीवाल्यायनं नही, बायपासनं नही. तुमी."

गल्ली ऐकत होती. शेवंताबाई दारात उभ्या होत्या. त्यांनी पदर तोंडाला लावला आणि आत गेल्या. ज्योत्स्ना पातेल्याजवळ उभी होती. तिला वाटलं, आता बोलावं. एक शब्द, किटली. तोंड उघडलं आणि मिटलं. आबांनी एकदा तिच्याकडे पाहिलं आणि नजर खाली घेतली.

"चुकलंच माहं," ते म्हणाले.

---

त्यानंतर आबा हितेंद्रसोबत जेवायला बसले नाहीत. हितेंद्र जेवून उठला की मग ते पाटावर यायचे, दोन भाकरींऐवजी एक खायचे आणि ताटाला नमस्कार करून उठायचे. फाट्यावर दुकान उघडत होतं, पण आबा जात नव्हते, आणि आबांशिवाय गावचे लोकही बाकड्यावर येत नव्हते. त्यामुळे फुकट जाणाऱ्या वाट्या वाचल्या, पण दुकान फारच सुनं वाटायचं.

दहाव्या दिवशी वृषाली मॅडमचा फोन आला. मेसचं काम दुसऱ्या कुणाला दिल्याचं त्यांनी स्वतः सांगितलं. बाई चांगली होती. हितेंद्रने "चालते मॅडम, काही हरकत नही" म्हटलं आणि फोन खिशात टाकला. संध्याकाळी त्याने पाटी उतरवली. पाटीमागे चिमण्यांनी काड्या आणून टाकल्या होत्या, त्या झटकल्या. बाकडी मोबाईलवाल्याला दिली. बडगी मात्र घरी आणली. ती कुणाला द्यायची कल्पना त्यालाही करवली नाही.

संक्रांतीच्या तिसऱ्या दिवशी तो चाकणला निघाला. ज्योत्स्नाने त्याची बॅग भरली. तीळगूळ, तिखट, दोन स्वेटर. दुपारच्या एसटीला ती आणि भूमिका फाट्यापर्यंत गेल्या. हितेंद्रने लेकीच्या डोक्यावर हात ठेवला, "शाळा बुडवजो नको," म्हणाला. ज्योत्स्नाला म्हणाला, "आबाले सांगजो, बीपीची गोयी घेत जा म्हना." स्वतः निघताना त्याने आबांना सांगितलं नव्हतं. आबा त्या वेळी वावरात होते, किंवा मुद्दामच वावरात गेले होते. बस आली, तो चढला, आणि काचेतून हात हलवण्याआधीच बस वळणावर गेली.

ज्योत्स्ना घरी आली तेव्हा आबा ओट्यावर बसले होते. पायाला माती, हातात काही नाही.

"गेला?"

"गेले."

"जेवला व्हता?"

"जेवले."

ती आत जाऊन भाकरी टाकायला लागली. पीठ मळता मळता तिचा हात थांबला. तशीच पिठाच्या हातांनी ती बाहेर आली आणि आबांसमोर उभी राहिली.

"आबा, पहूरची किटली म्या भरली व्हती," ती म्हणाली. "पाच लिटरची. काठोकाठ. त्या दिवशी म्या बोलली नही. तुमी ऐकून घेतलं बठ्ठं, अन् मी उभी राह्यली."

आबांनी पायाची माती खरवडली.

"मले माहीत व्हतं, पोरी."

"माहीत व्हतं?"

"पंधरा डबे म्या देले. त्याचे तीस ताटं व्हतात, पस्तीस व्हतीन. कमी पडले साठ. चायीस वर्षं झाले मी घोटू राह्यलो, मले इतलंबी समजत नही का? अन् आंघोयीहून आलो तं पातेल्याजवय भरताचा ओघय व्हता, अन् घरात चीक. चीक कोनी पाठवला, तेबी समजलं."

"मंग तुमी बोलले काहाले नही?" ज्योत्स्नाचा आवाज फाटला. "तुमचे पंधरा, माही एक किटली. दोघायचं सारखंच व्हतं. अर्धं तरी माह्यावर टाकाचं!"

"टाकून काय झालं असतं? त्याले कोनावर तरी चिडाचं व्हतं. रस्त्यावर चिडता येत नही, पावसावर चिडता येत नही." आबा तिच्याकडे न बघता म्हणाले. "बापावर चिडून गेलेला पोरगा आखाजीले घरी येतोच. चार शब्द बोलतो, बसतो जेवाले. बायकोवर चिडून गेला तं कोनाच्या घरी येईन तो?"

या म्हाताऱ्याने काड्यांसाठी पैसे मोजले ते सांगितलं नाही, आणि ज्यात त्याचा अर्धाच वाटा, ती आख्खी चूकही स्वतःच्या अंगावर घेतली. आणि हे सगळं तिचा संसार टिकावा म्हणून. तिला स्वतःची इतकी लाज वाटली की तिथे उभं राहवेना. आबांनी दिलेली सावली घ्यावी आणि गप बसावं, असंही एक मन म्हणत होतं. चार महिन्यांनी तो येईल, तोवर सगळं शिळं होईल. कुणाला काही कळायचं नाही.

तिने पिठाचे हात पदराला पुसले आणि फोन घेतला. घंटी वाजत राहिली. मग बसच्या खडखडाटातून हितेंद्रचा आवाज आला. "हां, बोल. एरंडोल येऊ राह्यलं."

"भूमिकाचे बाबा, ऐका." ती ओट्यावरच उभी होती, आबांसमोर. "त्या दिवशी म्या पहूरले भरीत पाठवलं व्हतं. योगेंद्रच्या हाती. पाच लिटरची किटली, भरून. आबायनं अर्धंच देलं व्हतं. बाकीचं म्या देलं. तुमी त्यायले बोलले, तव्हा मी गुपचूप उभी व्हती."

आबांनी हात पुढे केला, नको म्हणून. ती मागे सरकली.

पलीकडून नुसती बस ऐकू येत होती. कुणीतरी कंडक्टरला सुट्टे मागत होतं. ज्योत्स्नाने कानाला फोन घट्ट धरला. आता तो फोन कट करील असं तिला वाटलं, आणि केला असता तरी तिने दोष दिला नसता. गाडीने कुठेतरी ब्रेक लावला, माणसं उतरली, पुन्हा चढली.

"ऐकू राह्यले ना?" तिने विचारलं.

"ऐकू राह्यलो." त्याने घसा साफ केल्याचा आवाज आला. "आबा कोठी हायेत?"

"हे काय, अठीच. समोर."

"जेवले का?"

"नही अजून. भाकरी टाकू राह्यली व्हती."

"वाढ त्यायले," हितेंद्र म्हणाला. त्याचा आवाज नीट येत नव्हता. "दोन भाकरी वाढजो. एकीवर उठू देऊ नको."